मुभा

सत्तेचाळीस नंबर.
पुकारा झाला: यमुना निनावे विरुद्ध महाराष्ट्र शासन.
एवढ्या मोठ्या शासनाशी माझं भांडण
आणि नाव पाहा माझं,
निनावे.

चार वर्षं चाललेलं चार मिनिटांत
सरकारी वकिलाच्या बोटाशी येऊन थांबलं:
हजेरीपट जोडलेला नाही, माय लॉर्ड.

खरंच नव्हता.
अकरा वर्षं मी बीकर धुतले, ब्युरेट पुसल्या,
लिटमसच्या पट्ट्या मोजून दिल्या पोरांच्या हातात.
मान्यता येऊन राहिली बाई, म्हणायचे हेडमास्तर,
दर जूनला, त्याच सुरात.
आणि त्या अकरा वर्षांचं रजिस्टर
शाळेच्या जिन्याखाली वाळवीनं
जानेवारीपासून डिसेंबरपर्यंत
क्रमानं वाचून संपवलं.

साहेबांनी चष्मा काढला. आवाज मऊ होता.
"मागे घेता, की आम्ही लिहू?"
हेडाऊ वकील वळून माझ्याकडे बघू लागले.
मी शेवटच्या बाकावर, मांडीवर पिशवी,
कुठूनसा कूलरच्या ओल्या वाळ्याचा वास.
मला वाटलं, पाणी हवं का विचारताहेत.
मी मान हलवली.

त्या मान हलवण्याचा हुकूम झाला.
दोन ओळी:
याचिका मागे घेण्यास परवानगी.
नव्याने दाखल करण्याची मुभा राखून.

"हारलो नाही बाई आपण," व्हरांड्यात वकील म्हणाले,
पांढरे बँड सोडत, घाम पुसत.
"फेटाळली असती तर दारच बंद.
हे तर चांगलं झालं ना उलट."
मी विचारलं, मुभा किती दिवसांची?
ते फोनवर बोलू लागले होते.

मागे घेतलेलं मला एकच आठवतं,
धाकट्या जावेला लावून बोललेला एक शब्द,
तोही ती गेल्यावर, तिच्या फोटोसमोर.
तिथे मुभा राखायला
कोणी बसलेलं नव्हतं.

मुळमुळे सर फळ्यावर दोन बाण काढायचे,
एक जाणारा, त्याच्याखाली एक येणारा.
काही पदार्थ, सांगायचे,
पुन्हा होते तसे होतात,
फक्त उष्णता पुरवावी लागते.
मी मागे नळ्या वाळत घालताना ऐकायची.
आज सिव्हिल लाइन्सच्या फाटकाबाहेर
चव्वेचाळीस होतं.
रुमाल कानांवरून घट्ट बांधला
आणि बसची वाट पाहिली,
अजून किती पुरवू, असं म्हणत.

तांडापेठेत दार उघडून हे म्हणाले,
"काय झालं व?"
मी म्हटलं, "तारीख नाही."
"कधीची नाही?"
"कधीचीच."
कॅलेंडरवर लाल गोल करायची पेन
दोऱ्याला लटकली होती खिळ्याशी.
पुढचा महिना उलटून पाहिला,
एकादशी, चतुर्थी, दुधाचा हिशोब.
माझं काहीच नव्हतं त्यात.

जेवताना आठवलं,
शाळेचे जुने बाबू, लाडेकर,
उमरेडला मुलाकडे राहतात म्हणे.
पगाराच्या याद्या सगळ्या त्यांच्या हातच्या,
आणि कागद फेकणारा माणूस नव्हता तो.
ऐकू येत नाही आता, सांगत होतं कोणी.

उद्या सकाळची बस आहे.
मोठ्यानं बोलीन.