पत्ता अपुरा

चौतीस वर्षं टपाल वाटलं मी ठाण्यात.
चरई, खारकर आळी, महागिरी, उथळसर.
पाटी नसलेल्या खोल्या मला
दारातल्या चपलांवरून कळायच्या.
आता मंगळवारी नि शुक्रवारी जेलात जातो.
गळ्यात संस्थेचं ओळखपत्र,
सायकल गेली, पिशवी तीच.

आत जुन्या किल्ल्याची भिंत,
शाळेच्या सहलीला दाखवावी अशी.
तिच्या सावलीत टेबल, टेबलावर फॉर्म,
फॉर्मात माझ्या ओळखीचा एक रकाना.

लहू हिलम. वय चाळीस असेल, म्हणाला.
केबल चोरली म्हणतात, आठ किलो तांबं.
जामीन मंजूर होऊन सात महिने झाले:
पाच हजार रुपये आणि एक जामीनदार.
दोन्ही नाहीत,
म्हणून जामीन फायलीत
आणि तो इथे.

पत्ता?
'तीन हात नाका, पुलाखाली.
मुलुंडकडून तिसरा खांब,
सकाळचं ऊन पडतं तो.'
मी लिहिलं. अक्षर घोटीव काढलं.
कोर्टातल्या कारकुनानं त्यावर बोट ठेवलं,
याला पत्ता म्हणत नाहीत हो.

मला हसू आलं, जुन्या कारणानं.
परत जाणाऱ्या पाकिटांवर मीही लिहायचो:
पत्ता अपुरा. घर बंद. इसम सापडत नाही.
गुडघे दुखायला लागल्यावर
कितीदा लिहिलं ते जिन्याखाली उभं राहून,
वर न चढता.
हे आजवर कुणाला सांगितलेलं नाही.

त्या रात्री एक पोस्टकार्ड घेतलं.
श्री. लहू हिलम, मार्फत कमळ मुकणे,
तिसरा खांब, पुलाखाली, ठाणे ४००६०२.
मजकूर सुचेना.
'आम्ही प्रयत्नात आहोत' लिहिलं,
ते फारच सरकारी वाटलं,
म्हणून खाली जोडलं:
'डाळीत मीठ कमी असतं म्हणतो, बाकी बरा आहे.'

बीटवर हल्ली निकेश भोईर असतो, नवा पोरगा.
त्याला मी काही सांगितलं नव्हतं.
सहाव्या दिवशी कार्ड पोचलं.
कमळनं गजऱ्यांच्या टोपलीत
केळीच्या पानाखाली ठेवलेलं, एक कड ओली.
वाचता येत नाही तिला, शिक्का कळतो.
'सरकारचाच ना हा?' तिनं विचारलं. दोनदा.

रेहाना मुल्ला वकिलांनी कार्ड कोर्टापुढे ठेवलं.
न्यायाधीशबाईंनी उलटसुलट करून पाहिलं,
चश्मा काढला, पुसला,
जातमुचलक्यावर सोडा म्हणाल्या.
कार्डामुळे, की जेवणाची सुट्टी जवळ आली म्हणून,
मला सांगता येणार नाही.

संध्याकाळी गेटवर मी.
संस्थेच्या पिशवीत टॉवेल, साबण, दोनशे रुपये, चपला.
चपला एक नंबर मोठ्या निघाल्या.
'चालतील,' म्हणाला, आणि फटफट वाजवत चालला.

निवाऱ्यात खिडकीजवळची खाट दिली.
पहिल्या रात्री तो खाटेखाली झोपला.
दुसऱ्या रात्री वर.
पाचव्या सकाळी चादरीची घडी,
घडीवर साबण, अर्धा.

घोसाळकर बाई वहीत शेरा मागतात.
'कुठं गेला ते लिहा हो,
देणगीदारांना दाखवावं लागतं.'

मी पुलाखाली जाऊन आलो.
पालिकेनं खांबांवर फुलपाखरं रंगवलीत. छान आहेत.
भोवती टोकदार जाळी.
तिसरा खांब कुठला, ते सांगायला
कमळ नव्हती.

परतताना सर्व्हिस रोडला, विजेच्या पेटीमागे,
निळी ताडपत्री दिसली.
बाहेर चपला,
एक जोडी बायकी,
एक जोडी एक नंबर मोठी.

चौतीस वर्षांची सवय, ओठांवर आलंच होतं,
पोस्टमन!

शेऱ्याचा रकाना कोरा आहे.
घोसाळकर बाई काल पुन्हा रागावल्या.