तीनशे बारा

तीनशे बारा होते.
त्यातला दगडू टेलर दुकान उघडायच्या आधी अंगठा द्यायचा.
सुरतेच्या लूमवरून अमळनेरचा कोणी रतिलाल लिहायचा,
'भो, पाळी सुटनी का पह्यले तुन्हं यडपन दखस.'
आणि पारोळ्याची फुई,
लाइक म्हणजे काय ते तिला ठाऊक नव्हतं,
चुकून दाबायची, पुन्हा दाबून काढायची.
कधी तीनशे अकरा, कधी तीनशे बारा.

मी चोपड्याच्या स्टँडमागे अहिराणीत नकला करायचो.
सासू, तलाठी, उधारी मागणारा पानवाला.

मग कळलं, चारशे नव्व्याण्णवात पाच हजार.
नाव टाका, पासवर्ड टाका, निवांत झोपा.
झोपलो.

सकाळी आकडा स्क्रीनवर मावेना.
पण चेहरे?
एकाचा फोटो म्हणजे नुसता समुद्र,
दुसऱ्याचं नाव म्हणजे नऊ आकडे,
तिसरी कुठल्या तरी बर्फाच्या देशातली.
तिला तलाठ्याचा विनोद आवडला होता
पहाटे तीन वाजून दोन मिनिटांनी.
त्याच मिनिटाला आणखी आठशे जणांना.
हसलं मात्र कोणी नाही.

बापू केळीच्या वखारीवर असतात.
घड हातात घेतला की सांगतात, पावडरवर पिकवलाय.
साल हळदीच्या नवरीसारखी, देठ हिरवा, आत खुंटा.
त्यांना मी आकडा दाखवला.
त्यांनी मोबाइल उलटा केला,
देठ शोधावा तसा चारी बाजूंनी पाहिला
आणि परत दिला.

रतिलालला मी आता दिसत नव्हतो.
मशीन मला बर्फाच्या देशातच नेऊन दाखवत होतं,
तिकडे लोकांना आवडतो ना!

पंधराव्या दिवशी माझं नाव गॉगल विकू लागलं.
मग रातोरात ते आजारी पडलं, दवाखान्यात भरती झालं,
ओळखीच्या सगळ्यांकडे पैसे मागत फिरलं.
मी तेव्हा घरी शेवभाजी खात होतो.

मग दार बंद. 'संशयास्पद हालचाल.'
चार वर्षांच्या नकला आत,
मी बाहेर.

फुईने बावीसशे पाठवले होते, बचतगटाचे.
गेलो, तर ओट्यावर मिरच्यांचे देठ खुडत बसलेली.
म्हटलं, ते तर पुस्तकी मराठीत होतं,
मी कधी तुझ्याशी तसं बोललो?
तिने मान वर केली नाही.
"तुन्हं नाव व्हतं ना रे.
आजारी मानूसले इचारू कसं?"

नवं खातं उघडलंय.
एक लाइक आहे.
नाही, शून्य.
थांबा.
एक.