कूलर काढायचा दिवस

होळीच्या दुसऱ्या दिवशी आमच्याकडे कूलर निघतो.
कॅलेंडरात हे नाही, कुठल्या पोथीत नाही,
पण चुकलेलं नाही एकदाही,
मानेवाड्याला भाड्यानं होतो तेव्हापासून.

या वर्षी सण नाहीत.
शेजारच्या उमाळे काकूंनी पोळ्या आणून दिल्या,
झाकलेल्या ताटात, दारातूनच.
आईनं ओट्याशी उभ्यानं एक खाल्ली.

हर्षल दोनदा जिन्याखाली जाऊन
ताडपत्रीकडे नुसता बघून आला.
"काढू का? की यंदा..."
आई तूर निवडून राहिली होती. मान वर न करता म्हणाली,
"कूलर काय सण आहे का बाप्पा?
पारा बेचाळीसवर गेला म्हणजे कोणाले विचारशीन?"

मग निघाला.
पत्र्याचा, एका चाकानं लंगडा,
आत पालीची अंडी, गेल्या उन्हाळ्याचं करकरीत गवत,
तळाशी पांढऱ्या क्षाराचा थर.
कन्हानच्या पाण्यानं हाडं मजबूत होतात,
बाबा म्हणायचे, कूलरची.

मी ताट्या सोडवल्या.
मागच्या पत्र्यावर आतून, निळ्या ऑइलपेंटनं,
त्यांचं ते वीज मंडळातलं तिरपं अक्षर:
८ मार्च १२. पंप नवा. २४०.
२ मार्च १८. डांबर दोन हात.
१० मार्च २०. गवत महाग.
१४ मार्च २५. आवाज करतो. बघू.

हर्षलनं वाचलं.
परत वाचलं.
मग पान्हा मागितला
आणि पंख्यात खांद्यापर्यंत हात घालून
बराच वेळ तिथंच राहिला.

खाली तीन-चार ओळींची जागा आहे अजून.
ब्रश दगड झालाय, डब्यात रंगाची नुसती साय.
लिहू संध्याकाळी, म्हटलं. लिहिलं नाही.

दुपारी बटण दाबलं.
आधी धूळ, मग गेल्या वर्षाची एक काडी उडाली,
मग ओल्या वाळ्याचा वास घरभर.
हर्षलची मनवा जाळीला तोंड लावून "आ" ओरडली
आणि तिच्या आवाजाचे तुकडे आमच्या अंगावर आले.
आवाज अजून करतो. थोडा कमी.

आई उठली.
तीस वर्षं एकच भांडण होतं दोघांचं:
ते मागची खिडकी चार बोटं उघडायचे,
हवा निघाली नाही तर दमट होतं म्हणून,
ही लावायची, रस्त्याची धूळ येते म्हणून.
तिनं कडी काढली,
बोटं लावून फट मोजली,
आणि खिडकीत अडकवायला
कालचा पेपर घडी करत बसली.