आलं का?

किर्कुकात उन्हाळ्यात आम्ही गच्चीवर झोपायचो.
आमच्याआधी तिथे तबकड्या झोपलेल्या असायच्या,
भांडून निजलेल्या भावंडांसारख्या
तोंडं वेगवेगळीकडे करून.

बाबा तबकडीवरून घर ओळखायचे.
सरळ दक्षिणेला बघणारी : तुर्कमेन, आमच्यातली.
पश्चिमेला कललेली : अरब,
नाहीतर फुटबॉलचं वेड लागलेला कुणीही.
दोन डोळ्यांची असली की समजायचं,
घरात सासूही आहे, सूनही आहे.

मी जिन्यात.
बाबा वर पाना फिरवत ओरडायचे, "आलं का?"
ते मी खाली पोचवायचो, घर बघून भाषा बदलत,
आणि खालचं वर.
"गेल्दी!" "इजा!" "हात!"
म्हणजे आलं, आलं, आलं.
गेलं, हे मात्र सगळे एकाच भाषेत सांगायचे,
कपाळ बडवून.

धुळीचं वादळ झालं त्या वर्षी
तीन दिवस वीज नव्हती,
जनरेटरवाल्यानं दर वाढवून घेतले.
चौथ्या दिवशी शमीरामबाईंचा निरोप.
त्यांची तबकडी वाऱ्यानं फिरली होती;
प्रार्थनेच्या जागी तुर्की मालिका लागत होती.
बाबांनी पाना काढला तशा बाई म्हणाल्या,
"थांब नजदत. ती पोरगी स्टेशनात उभी आहे,
निळी बॅग घेऊन.
चढते का, तेवढं बघू दे."

बाईंना तुर्की ओ की ठो येत नव्हतं.
मग दर गुरुवारी मी. वय अकरा, हुद्दा दुभाष्या,
पगार एक क्लेचा आणि वेलचीचा चहा.
इस्तंबूलची तुर्की मलाही अर्धीच कळायची.
उरलेली मी पदरची घालायचो :
एका वकिलाला चुलत भाऊ केलं,
एक सासू उगाच बहिरी केली.

शेवटच्या भागाला वीज गेली.
पुढच्या गुरुवारी मी सांगून टाकलं,
"चढली. खिडकीजवळची जागा मिळाली."
"आणि बॅग?"
"बॅग पण."
बाईंनी त्या दिवशी दोन क्लेचे दिले.
त्यांची लेक त्याच हिवाळ्यात स्वीडनला गेली होती,
हे मी फार उशिरा जोडलं.

आता माझं मोबाईलचं दुकान आहे.
ज्याची मालिका त्याच्या कानात,
जिन्यात कुणी ओरडत नाही.
परवा गिऱ्हाईक नव्हतं, तो शेवटचा भाग सापडला.
ती चढत नाही.
गाडी जाते. ती पायीच परत फिरते,
बॅग फलाटावर राहते, कॅमेरा बराच वेळ तिच्यावर.

मी फोन उलटा ठेवला.
गच्चीत बाबा जुन्या तबकडीत भेंडी वाळवत होते.
"पाणी आलं का?" वरून ओरडले.
"हात," मी म्हणालो.
कुर्दीत का, कुणास ठाऊक.