सव्वीस डिसेंबरचे पेरू

काल रात्री शेवटची रिक्षा गेली तेव्हा
फाटकावरची कागदी चांदणी एका अंगानं लोंबत होती
आणि ओट्यावर उरलं होतं
ते दरवर्षी उरतं तेच:
थंड कोंबडी, वर चरबीची पांढरी साय,
सारण गळून गेलेल्या सात करंज्या,
केकचा काळपट कडक काठ.
शिवाय पेरू.
शीलवंतमामानं पिशवीभर आणले, कौतुक झालं,
खाल्ला कुणीच नाही.
रात्रभर घराला त्यांचाच वास.

सकाळी घास फिरेना.
कालची कोंबडी आज गरम करणं म्हणजे
कालचेच किस्से पुन्हा सांगणं,
पाहुणे नसताना.
बाजूला काहीतरी हवं, जिभेला चिमटा काढणारं.

मिरजेला रूथताईला फोन लावला.
ती रात्रपाळी करून नुकती टेकलेली.
म्हणाली, माप कसलं विचारतोस,
पेरू मऊ झालेत ना? मग झालं.
बिया तेवढ्या काढ.
नाही काढल्यास तर तुझी दाढ आणि तू.

चाळणीवर वाटीच्या बुडानं
गर घासत बसलो पाऊण तास.
खाली गुलाबी लगदा, वर बिया,
मनगटात कळ.

तेल. मोहरी.
मेथीचे दाणे सात, मोजून,
कारण पहिल्यांदाच करत होतो
आणि कडू झालं तर दोष कुणाला द्यायचा
तेही घरात कुणी नव्हतं.
मग वडणग्याच्या गुऱ्हाळावरची काकवी.
बाटली उलटी धरून उभा राहिलो,
दूधवाला हाक मारून गेला, पेपर पडला,
काकवी अजून मानेपाशीच.

मग चटणी.
आमच्या कोल्हापुरात चटणी म्हणजे बरणीतली,
वर्षाची, कांदा-लसणाची.
झाकण उघडलं आणि ठसका लागला,
आणि ठसक्यातच आठवलं:
मे महिन्यात शाहूपुरीतल्या डंकावर
आक्काताई पोवारांच्या आणि आमच्या मिरच्या
एकाच खेपेत कुटल्या होत्या.
संकेश्वरी त्यांची, ब्याडगी आमची,
खोबरं कुणाचं ते आता सांगता येणार नाही.
निम्मी त्यांच्या बरणीत, निम्मी आमच्या.

पाण्याच्या मोटरचं भांडण नंतरचं,
दिवाळी होऊन चार दिवस झाल्यावरचं.
फराळाचा त्यांचा डबा आमच्याकडेच राहिला,
झाकणावर नाव कोरलेला.
रिकामा परत द्यायचा नाही
आणि भरून न्यायला तोंड नाही,
म्हणून दीड महिना फळीवर,
पातेल्याच्या मागे.
काल नाताळाचं ताट
पहिल्यांदाच भिंतीपलीकडे गेलं नाही.

कढईत रटरट सुरू झाली.
एक शिंतोडा उडून हाताच्या पाठीवर बसला.
चव घेतली: गोड, मग आंबूस,
मग मागून येऊन कानशिलात.

डबा धुतला. पुसला. भरला.
सामाईक भिंतीवर ठेवला
आणि हाक न मारता आत आलो,
चोरी केल्यासारखा.

दुपारी भिंत मोकळी होती.
मांजर असेल, म्हटलं.
मांजर झाकण लावून नेत नाही, हेही म्हटलं.

संध्याकाळी त्यांचा विश्वजित फाटकात,
एक पाय आत, एक बाहेर.
"आज्जी म्हणत्यात,
चटणी टाकताना हात आखडला व्हय?
आनि बिया कशाला काढल्या,
बी लागल्याबिगर पेरू कळत न्हाई म्हणत्यात."
"आणि डबा?"
"डबा मागू नगा म्हणत्यात. संपल्याव बघू."
सांगून पळाला, चांदणीला टप्पल मारून.

रात्री एकटाच बसलो,
थंड कोंबडी, शिळी भाकरी, ताटात लाल ढीग.
इतकं चाळूनही एक बी निसटलेली,
बरोबर दाढेत.
काडी शोधायला उठलो नाही.
जिभेनं तिला चाचपत
बराच वेळ तसाच बसलो.