एकोणसत्तरपर्यंत

गाडी आली. मासळीच्या कारखान्यामागे, मीठ उतरवतात
त्या मोकळ्या जागेत उभी आहे, पांढरी, लांब,
चार लोखंडी पाय जमिनीत रोवून,
कारण फिनमार्कचा वारा कुणाला विचारून ढकलत नाही.
दर दोन वर्षांनी येते.
दहा वेळा चढले मी तिच्या पायऱ्या.
यंदा पत्र आलं ते सुनेला.

सिग्रुन, वय पन्नास. नऊ वाजून दहा मिनिटं, मंगळवार.
तिनं पत्र फ्रिजवर उलटं लावलं
आणि पाठीवर किराणा लिहिला:
यीस्ट, बॅटऱ्या, कुत्र्याचं औषध.
चार दिवसांनी म्हणाली, आस्लाउग, येतेस सोबत?

मी सत्तर. माझं नाव कुणी खोडलं नाही,
एका पानावरून दुसऱ्या पानावर यादी उतरवताना
ते आपलं आपण गळलं.

वाटेत विचारते, दुखतं का?
खोटं कशाला बोलू? म्हटलं,
जाड पुस्तकात बोट चेमटावं तसं,
फक्त ते बोट नसतं, आणि पुस्तक गार असतं.
आकडे मोज. मी दरवेळी दहापर्यंत ठरवते,
सातला सुटका होते.
ती हसली, गिअर भलताच पडला.

सांगितलं नाही ते हे:
छप्पन्नाव्या वर्षी आलेलं दुसरं पत्र, "पुन्हा या",
विमानाने त्रोम्सो, एक सुई, अकरा दिवस,
आणि शेवटी काहीच नाही.
त्या काहीच नाहीसाठी मी घरी येऊन केक केला.
नवरा म्हणाला, वाढदिवस कुणाचा?

आणि हेही नाही, की बोर्गहिल्डच्या पत्रात
"सर्व ठीक" छापून आलं होतं,
आणि पुढची गाडी यायला चौदा महिने होते तेव्हा
भांडी घासताना साबणाच्या हाताला तिला लागलं काहीतरी.
ती गाडीसाठी थांबली नाही.
दुसऱ्या दिवशी सकाळी डॉक्टरच्या दारात.
आहे अजून. गुरुवारी पत्त्यांत मला फसवते.

आत हीटर, तीन खुर्च्या.
कामाच्या मधल्या सुट्टीत आलेली योगेश्वरी,
जाफन्याहून इथं येऊन तिला एकोणीस वर्षं झाली,
मांडीवर प्लास्टिकची टोपी, केसांना कॉडचा वास.
माझ्या हातांना चाळीस वर्षं होता तोच.
आम्ही दोघी काही बोललो नाही,
थोडं सरकून बसलो.

यंत्रावरची मुलगी तळवा घासून घासून
काचेसारखी पट्टी ऊबदार करत होती.
मी दारातूनच विचारलं,
सत्तराव्या वर्षी काय होतं गं?
छातीला कळवतात का, आता तुझी रजा?
पाठ केलेलं वाक्य तिच्या ओठांवर आलं,
तिनं ते गिळलं.
म्हणाली, रेषा कुठंतरी ओढावी लागते.
हजारो बायकांचा हिशेब मांडून ओढतात,
किती वाचल्या, किती उगाच टोचल्या गेल्या,
किती जणींवर नको तो इलाज झाला.
त्या हिशेबात तुम्ही आहातही आणि नाहीतही.
काही लागलं, ओढल्यासारखं दिसलं, पाझरलं,
तर वय मोजू नका. डॉक्टरकडे जा.

आमच्या दाराशी भरती-ओहोटीचं कोष्टक टांगलेलं असायचं.
नवऱ्याचा त्यावर पूर्ण विश्वास.
तरी नाव सोडण्याआधी धक्क्यावर जाऊन
तो पाणी बघून यायचाच.

सिग्रुन बाहेर आली, स्वेटर उलटा.
सातच, म्हणाली.
मी तिचं लेबल आत खोचलं
आणि तसंच तिला घरी आणलं.

रात्री न्हाणीघरात आरशाकडे पाठ करून उभी राहिले.
या बोटांना माशातला काटा
चाकूच्या आधी कळायचा,
मुकादम म्हणायचा, आस्लाउगचा तुकडा तपासू नका.
सावकाश फिरवली बोटं.
डावीकडे. उजवीकडे. काखेत.
काहीच नाही.
केक वगैरे केला नाही.
यीस्टच आणायचं राहिलं होतं.