भिंतीला वय देणे

हॅदरसेज बाई मे महिन्यात आली नागपूरला.
पायात कॅनव्हासचे बूट, कमरेला मोजायची टेप,
आणि एका वहीत एक्केचाळीस वर्षांची घरं.
अजनीच्या गोदामात तिला हवं होतं
त्रेचाळीस सालचं रेल्वे क्वार्टर.

मी दिगांबर पराते. ट्रकच्या मागे मोर काढायचो,
मारबतीच्या दिवसांत बडग्यांचे डोळे.
दुभाष्या पोराकरवी म्हणाली,
"हे प्लायवूड कालचं आहे. याला वय दे."

वय!
चहाची पत्ती उकळली. कोराडीची राख चाळली.
फेविकॉलात काथ कालवून हातानंच फासला.
शेचाळीस डिग्रीत ती माझ्या शेजारी उकिडवी,
घासता घासता सांगायची:
टीव्हीसाठी बांधलेली स्वयंपाकघरं,
जिथे कोणी कांदा चिरला नाही,
टाकीत बुडवलेलं जहाज,
एक तुरुंग, जो मोडताना ती रडली होती.
तिच्या स्वतःच्या घरी भिंती पांढऱ्या,
खिळासुद्धा नाही.

रोज विचारायची, "इथं कोण राहतं?"
"गार्ड, मॅडम."
"ड्युटीवरून आला की कुठं टेकतो?"

तेव्हा मला काम समजलं.
खाटेच्या वर, बसल्या माणसाच्या डोक्याइतक्या उंचीवर
खोबरेल आणि चिमूटभर काजळ,
अंगठ्यानं गोल गोल,
वीस वर्षांचा थकवा दुपारभरात.

ती बघत राहिली. मग नुसतं "हं."
कॅमेरा त्या भिंतीकडे वळलाच नाही.
"बहुतेकदा वळत नाही," म्हणाली,
आणि उभ्या उभ्या तर्री-पोहे खाल्ले,
डोळ्यांत पाणी येईस्तोवर.

क्वार्टर इतवारीच्या कबाड्यानं नेलं,
फुटाच्या भावानं.

यंदा तांडापेठेत
पिको-फॉलची पाटी रंगवायला गेलो.
पाणी प्यायला मागच्या खोलीत,
तर भिंत ओळखीची.
सुलकाबाई हेडाऊ म्हणाल्या,
"पेंटरभाऊ, हा डाग पाहा बरं.
दोनदा निरम्यानं घासला,
जातच नाही ना बाप्पा."

मी पाणी पीत राहिलो.

खाली खाटेवर त्यांचा सासरा,
रेडिओ कानाला, डोकं मागे टेकलेलं.
तो उठून सरकला तेव्हा दिसला,
माझ्या डागाच्या चार बोटं खाली
अजून एक, ओलसर, जरासा डावीकडे.
तो मी काढलेला नव्हता.